प्रायोगिक चित्रपटाला छबिलदास का मिळालं नाही

आत्मपर प्रायोगिक चित्रपटाविषयी महाराष्ट्रात बोलणं निघालं की चर्चा बहुधा दोन ठिकाणी जाऊन थांबते. पैसा आणि साधनं नव्हती म्हणून असे चित्रपट झाले नाहीत, असं एक उत्तर. हा प्रकार मुळातच एकांड्या, हट्टी, प्रतिभावान माणसांचा असल्यामुळे तो मोजकाच असणार, हे दुसरं. ही दोन्ही उत्तरं पुराव्यापुढे टिकत नाहीत. साधनांचं म्हणाल तर अंबरनाथच्या बुवापाड्यात, उल्हासनगरच्या कुठल्याही कॅम्पात किंवा बदलापूरच्या नव्या सोसायट्यांमध्ये आज घरटी एक तरी चांगला कॅमेरा आहे, मोबाइलमध्ये. चित्रपट जोडण्याची सोयही त्याच मोबाइलमध्ये आहे. तरीही स्वतःच्या जगण्याकडे स्वतःच्या पद्धतीने बघणारे, ठरलेला साचा नाकारणारे चित्रपट या साधनांच्या प्रमाणात वाढलेले नाहीत. एकांड्या प्रतिभेचं उत्तर इतिहास तपासला की लंगडं पडतं. गेल्या शतकभरात इथे जो काही आत्मपर प्रयोग झाला, तो प्रत्येक वेळी कुठल्यातरी सामायिक जागेच्या आधाराने झाला. ती जागा कधी सरकारी खातं होती, कधी एखाद्या चित्रकाराची शिष्यवृत्ती, कधी संस्थेचं वसतिगृह, तर कधी गावातलं व्हिडिओ पार्लर. जागा गेली की प्रयोग थांबला, आणि पुष्कळदा झालेलं कामही हरवलं. या लेखात मला हेच दाखवायचं आहे.

आधी या चित्रपटाची घडण कशी होते ते पाहू, कारण जागेची गरज तिथूनच निर्माण होते. नेहमीच्या चित्रपटात आधी पटकथा असते, मग अंदाजपत्रक, मग चित्रीकरणाचे ठरलेले दिवस, आणि संकलनात ठरवलेल्या गोष्टी जागेवर बसवल्या जातात. आत्मपर प्रयोगात हा क्रम बहुतेक वेळा उलटा चालतो. चित्रं आधी जमतात, महिनोन्‌महिने, कधी वर्षानुवर्षं, आणि आपण नेमकं काय टिपत होतो याचा शोध संकलकाच्या टेबलावर लागतो. म्हणजे या प्रक्रियेला दोन गोष्टी लागतात, ज्या बाजारात विकत मिळत नाहीत. फळाची हमी नसलेला वेळ ही एक. दुसरी म्हणजे अर्धवट, फसलेली, अजून आकार न आलेली चित्रं बघून त्यांवर गंभीरपणे बोलणारी चार माणसं. पहिली गोष्ट माणूस एकट्याने कशीबशी मिळवू शकतो. दुसरी एकट्याला मिळतच नाही.

आपल्याकडे या घडणीचा पहिला नमुना दादासाहेब फाळक्यांच्याच घरातला आहे. १९१२ साली लंडनहून विल्यमसन कॅमेरा घेऊन परतल्यावर त्यांनी हात घातला तो एका कुंडीतल्या वाटाण्याच्या रोपाला, ‘राजा हरिश्चंद्र’ त्याच्या नंतरचा. रोज थोडं थोडं चित्रण करत त्यांनी महिन्याहून अधिक काळ त्या रोपाची वाढ टिपली आणि पडद्यावर ते रोप मिनिटभरात उगवून आलं. हा प्रयोग त्यांनी भांडवल देणाऱ्याची खात्री पटावी म्हणून केला, आणि ती पटलीही. पण त्याची पद्धत बघा. गोष्ट नाही, नट नाहीत, आहे तो घरातला एक कोपरा, रोजची ठरलेली वेळ आणि काळाकडे बघण्याची एक नवी रीत. पुढे अमेरिकेत आणि युरोपात ज्याला रोजनिशीचा चित्रपट म्हणतात, त्याची शिस्त यात आधीच आहे. आणि हे काम एकट्याचं नव्हतं. सरस्वतीबाई कच्च्या फिल्मच्या कडेला भोकं पाडत होत्या, रसायनं कालवत होत्या, चित्रीकरणात उजेड परतवायला पांढऱ्या चादरी धरून उभ्या राहत होत्या. आयुर्विम्याच्या पॉलिसी गहाण पडल्या होत्या. भारतीय सिनेमाची पहिली सामायिक जागा फाळक्यांचं स्वयंपाकघर होतं, असं म्हणायला मला संकोच वाटत नाही. १९१७मध्ये फाळक्यांनी ‘चित्रपट कसे तयार करतात’ हा लघुपट काढला. त्यात ते स्वतः दिग्दर्शन करताना आणि फिल्म कापताना दिसतात. त्याच सुमारास ‘नवयुग’ मासिकात त्यांनी आपल्या प्रक्रियेविषयी लेखमाला लिहिली. करणारा माणूस स्वतःची करण्याची रीत उघडी करून दाखवतो ही आत्मपर सिनेमाची मूळ खूण, आणि ती आपल्याकडे शंभर वर्षांपूर्वी होती. मग ती मध्येच कुठे गेली?

फाळक्यांनंतर चित्रपट कारखान्यात गेला. स्टुडिओ पद्धतीने मराठीला ‘प्रभात’सारखं वैभव दिलं, पण कुंडीसमोर महिनाभर बसणाऱ्या माणसाला त्या कारखान्यात जागा नव्हती. ती पुन्हा मिळाली अगदी अनपेक्षित ठिकाणी, मुंबईच्या फिल्म्स डिव्हिजनमध्ये. १९४८मध्ये स्थापन झालेलं हे सरकारी खातं वृत्तपट आणि प्रचाराचे अनुबोधपट काढायचं. चित्रपटगृहात मुख्य चित्रपटाआधी ते दाखवणं सक्तीचं होतं. साठच्या दशकाच्या मध्यावर जाँ भावनगरी सल्लागार म्हणून परतले आणि काही वर्षं या खात्यात एक फट उघडली. एस. एन. एस. शास्त्री यांनी स्वातंत्र्याबरोबर जन्मलेल्या तरुणांना बोलतं करणारा ‘आय अ‍ॅम २०’ १९६७मध्ये केला आणि पुढच्याच वर्षी ‘अँड आय मेक शॉर्ट फिल्म्स’. सरकारी पगारावर लघुपट काढणारा माणूस स्वतःच्या कामाकडे, आजूबाजूच्या कोलाहलाकडे आणि आपल्या शंकांकडे कसं बघतो याचा तो चित्रपट आहे. प्रमोद पती यांनी ‘एक्स्प्लोरर’मध्ये तरुणांचं अस्वस्थ मन तुटक, वेगवान प्रतिमांमधून मांडलं, तर ‘आबिद’मध्ये चित्रकार आबिद सुरती यांना एका खोलीत एकेक चौकट टिपत असं हलवलं की माणूस, भिंती आणि रंग एकाच पदार्थाचे वाटावेत. पंढरपुरात जन्मलेल्या मकबूल फिदा हुसेन यांचा ‘थ्रू द आइज ऑफ अ पेंटर’ (१९६७) याच खात्याचा, आणि त्याला बर्लिन महोत्सवात लघुपटाचा सर्वोच्च पुरस्कार मिळाला. वांद्र्याच्या कत्तलखान्यात चित्रित झालेला तय्यब मेहता यांचा ‘कूडल’ (१९७०) हाही तिथलाच.

यावर एक रास्त आक्षेप येतो. सरकारी खात्याच्या आश्रयाने झालेल्या चित्रपटांना आत्मपर कसं म्हणायचं? ज्या खात्याने कुटुंबनियोजनाचा प्रचार केला, आणीबाणीत सरकारची बाजू पडद्यावर नेली, त्याचं गुणगान कशासाठी? आक्षेपातला तपशील खरा आहे. ती फट अरुंद होती, थोडी वर्षंच उघडी राहिली, आणि पतींच्या चित्रपटांची शैली खात्याची शैली कधी झाली नाही. पण म्हणूनच हा पुरावा महत्त्वाचा वाटतो. नियंत्रण असूनही तिथे हे चित्रपट झाले, कारण तिथे संकलनाची टेबलं होती, संगीत आणि ध्वनी मुद्रित करणारी माणसं होती, कच्ची फिल्म होती, आणि एका दालनातल्या माणसाने काय केलं ते शेजारच्या दालनातला माणूस बघत होता. बाहेर पूर्ण स्वातंत्र्य होतं, पण यातलं काहीच नव्हतं. नुसत्या स्वातंत्र्यातून काम उभं राहत असतं तर त्या काळातले खासगी प्रयोग कितीतरी जास्त दिसले असते.

जे खासगी प्रयोग झाले त्यांचीही कथा हेच सांगते. १९६९मध्ये चित्रकार अकबर पदमसी यांना जवाहरलाल नेहरू शिष्यवृत्ती मिळाली. ते पैसे त्यांनी स्वतःच्या चित्रांवर खर्च केले नाहीत. मुंबईत त्यांनी ‘व्हिजन एक्स्चेंज वर्कशॉप’ सुरू केलं: १६ मि.मी.चा कॅमेरा, संकलनाची साधनं, आणि चित्रकार, छायाचित्रकार, चित्रपट करणारे यांनी एकत्र यायची मुभा. १९७२पर्यंत ते चाललं. त्यात पदमसींनी रेषा आणि बिंदूंच्या गणितावर ‘सिझिजी’ हा मूकपट केला आणि ‘इव्हेंट्स इन अ क्लाउड चेंबर’ हा दुसरा चित्रपट. जे. जे. स्कूलमधून नुकत्याच बाहेर पडलेल्या नलिनी मलानी तिथेच पहिल्यांदा कॅमेऱ्याकडे वळल्या. पुठ्ठ्याच्या इमारतींची छोटी प्रतिकृती, तिच्यावर रंगीत प्रकाश आणि एकेक चौकट पुढे सरकवत केलेला ‘ड्रीम हाउसेस’ हा त्यांचा १९६९चा चित्रपट. स्वतंत्र भारताच्या नव्या वास्तुरचनेचं स्वप्न त्यात रंगांच्या रूपाने येतं. सात वर्षांनी, १९७६मध्ये, त्यांनी खिडकीतून शहराकडे पाहणाऱ्या एका स्त्रीचा कृष्णधवल चित्रपट केला आणि दोन्ही शेजारी शेजारी ठेवून ‘युटोपिया’ झाला. स्वप्न एका पडद्यावर आणि त्याचं काय झालं ते दुसऱ्यावर. हा अर्थ चित्रीकरणाआधी ठरलेला नव्हता, ठरणं शक्यच नव्हतं. पहिल्या चित्रपटाला दुसऱ्याची सात वर्षं वाट पाहावी लागली. आत्मपर प्रक्रियेचं इतकं स्वच्छ उदाहरण मला आपल्याकडे दुसरं दिसत नाही.

पण वर्कशॉप बंद पडलं आणि पुढे? ‘इव्हेंट्स इन अ क्लाउड चेंबर’ची एकुलती प्रिंट दिल्लीच्या एका प्रदर्शनाला गेली ती परत आलीच नाही. चित्रपट नाहीसा झाला. पुढे चार दशकांहून अधिक काळ लोटल्यावर असीम अहलुवालिया यांनी वृद्ध पदमसींना सोबत घेऊन त्या हरवलेल्या चित्रपटावर त्याच नावाचा चित्रपट केला (२०१६). मलानींचे सुरुवातीचे चित्रपटही दशकानुदशकं कुणी बघितले नव्हते. म्हणजे पुढच्या पिढीतल्या ज्या मुलामुलींनी या चित्रपटांवरून शिकायला हवं होतं, त्यांच्यापर्यंत ते पोचलेच नाहीत. प्रत्येक पिढीने पहिल्यापासून सुरुवात केली. मराठी प्रायोगिक चित्रपट विरळ का, याचं निम्मं कारण इथे आहे.

इथे शेजारच्या कलांकडे बघायला हवं. पन्नास-साठच्या दशकांत मराठी कवितेतला अगदी खासगी, उर्मट, अनोळखी आवाज लघुनियतकालिकांतून बाहेर आला. १९५४मध्ये अरुण कोलटकर, दिलीप चित्रे आणि रमेश समर्थ यांनी ‘शब्द’ काढलं आणि पुढच्या दशकात अशी अनेक अनियतकालिकं निघाली. थोड्या प्रती, स्वतःच छापलेल्या, स्वतःच वाटलेल्या. नाटकाला १९७४पासून दादरच्या छबिलदास शाळेचं सभागृह मिळालं. अरविंद आणि सुलभा देशपांडे, अरुण काकडे यांच्या ‘आविष्कार’ने ते चालवलं, आणि तिथे इतर संस्थांनाही रंगमंच मिळाला. छबिलदासमध्ये झालेली सगळी नाटकं थोर होती असा दावा कुणीच करत नाही. तिथे फसायला परवानगी होती, फसलेलं बघायला प्रेक्षक येत होते, आणि पुढच्या आठवड्यात दुसरं कुणीतरी उभं राहत होतं. एका शाळेच्या सभागृहाने एका पिढीच्या रंगभूमीचं वळण बदललं. चित्रपटाला अशी जागा मिळाली नाही. फिल्म सोसायट्या होत्या. १९६८मध्ये स्थापन झालेल्या प्रभात चित्र मंडळाने मराठी प्रेक्षकाला जगाचा सिनेमा दाखवला आणि ‘वास्तव रूपवाणी’तून त्यावर गंभीर लेखन छापलं, हे ऋण मोठं आहे. पण सोसायटीने बघायला शिकवलं. स्वतःचं अर्धवट रीळ बगलेत मारून जावं आणि ते इतरांना दाखवावं, अशी ती जागा नव्हती.

एक क्षण असा आला होता की नाटक आणि चित्रपट एकत्र येतील असं वाटावं. १९७६मध्ये पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमधून बाहेर पडलेल्या तरुणांनी ‘युक्त’ ही सहकारी संस्था काढून तेंडुलकरांच्या ‘घाशीराम कोतवाल’वर चित्रपट केला. दिग्दर्शक म्हणून एक नाव नव्हतं, के. हरिहरन, मणी कौल, सईद मिर्झा आणि कमल स्वरूप या चौघांनी मिळून तो केला. नाटकाची समूहगती त्यांनी दीर्घ, न तुटणाऱ्या दृश्यांत आणली. मराठीतला हा सर्वांत धाडसी चित्रपटप्रयोग मराठी प्रेक्षकांनी जवळजवळ पाहिलाच नाही. त्याची प्रत बर्लिनच्या आर्सेनल संस्थेच्या संग्रहात सांभाळली गेली, आणि तिथेच तिचं डिजिटल रूप झालं. कवी दिलीप चित्रे यांनी भाऊ पाध्ये यांच्या कथेवर ‘गोदाम’ केला, त्याला नांतच्या महोत्सवात १९८४मध्ये गौरव मिळाला, पण चित्र्यांच्या चित्रपटांची चर्चा त्यांच्या कवितेच्या मानाने आजही फार थोडी होते. चित्रपटाच्या मागे एखादी वास्तू, एखादं वर्तुळ उभं नसेल तर चांगलं कामसुद्धा स्मृतीत टिकत नाही, याची ही दोन उदाहरणं.

आता वेळेकडे वळू. आनंद पटवर्धन यांचा ‘जय भीम कॉम्रेड’ पूर्ण व्हायला चौदा वर्षं लागली. ११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई नगरात पोलिसांच्या गोळीबारात दहा माणसं मेली. त्यानंतर चारच दिवसांनी शाहीर विलास घोगरे यांनी गळफास घेतला. घोगरे पटवर्धनांच्या ‘हमारा शहर’मध्ये गायले होते. मित्राने असं का केलं, या व्यक्तिगत प्रश्नापासून सुरू झालेला शोध तीन तासांहून लांब चित्रपट बनला आणि त्यात दलित शाहिरीचा, जलशांचा, कबीर कला मंचाच्या तरुणांचा इतिहास आला. पटवर्धन स्वतः त्यात फारसे दिसत नाहीत, तरी चित्रपट ज्या दुःखातून निघाला ते त्यांचं आहे. याउलट २०२३चा ‘वसुधैव कुटुंबकम’ पाहा. म्हातारपणाकडे झुकलेल्या आईवडिलांना ते घरातच टिपत राहिले, चित्रपट करायचा म्हणून नव्हे. दोघं गेल्यावर त्या चित्रणाकडे परत वळून पाहिलं आणि त्यात स्वातंत्र्यलढ्याची एक बाजू सापडली: वडिलांकडून अहमदनगरचे राव आणि अच्युत पटवर्धन, आईकडून सिंध. आई निर्मला या सिंधमधल्या हैदराबादच्या. कुंभारकामातलं त्यांचं स्थान मोठं, आणि घराच्या गप्पांमध्ये फाळणी अशी येते जशी ती उल्हासनगरातल्या हजारो घरांत येत असते. रोजच्या चहाच्या गप्पा हे ऐतिहासिक साधन आहे हे कळायला काही वर्षं जावी लागली. ही वर्षं वाया गेली असं म्हणता येणार नाही, पण ती कुणी आगाऊ मंजूरही केली नसती.

पायल कपाडिया यांचा ‘अ नाइट ऑफ नोइंग नथिंग’ (२०२१) या वेळेचं दुसरं रूप दाखवतो. २०१५मध्ये फिल्म इन्स्टिट्यूटच्या विद्यार्थ्यांचा संप १३९ दिवस चालला. त्या काळात आणि नंतर कपाडिया आणि छायाचित्रकार रणबीर दास आजूबाजूचं टिपत राहिले. मित्रांनी काढलेली चित्रं, जुनी घरगुती फिल्म, बातम्यांतली दृश्यं गोळा झाली. मग त्या ढिगाला एका विद्यार्थिनीच्या प्रेमपत्रांचा धागा मिळाला. जातीमुळे तुटलेलं प्रेम आणि विद्यापीठांमधला संघर्ष एकाच आवाजात बोलू लागले. पत्रं कल्पित आहेत, चित्रण खरं आहे, आणि आवाज दोघांना बांधतो. कान महोत्सवात त्याला सर्वोत्कृष्ट माहितीपटाचा पुरस्कार मिळाला. पायल या नलिनी मलानींच्या कन्या. यावरून कुणी म्हणेल की शेवटी हा घराण्याचा आणि सुस्थित माणसांचा प्रकार आहे. पण या चित्रपटातली चित्रं कुणाची आहेत ते पाहा. वसतिगृहात राहणाऱ्या, वेगवेगळ्या थरांतून आलेल्या मुलांची ती सामायिक मालमत्ता आहे. चित्रपट आत्मपर असूनही त्याचा ‘मी’ अनेकांनी मिळून बनवलेला आहे. या सामायिक प्रक्रियेचं श्रेय घराण्यापेक्षा वसतिगृहाकडे जास्त जातं.

वर्गाचा आक्षेप मात्र एवढ्याने मिटत नाही, आणि तो गंभीरपणे घ्यायला हवा. ज्या गावात माणसं पहाटेची लोकल पकडतात, बदलापूरहून सीएसएमटीपर्यंत ६८ किलोमीटर उभ्याने जातात आणि रात्री परत येतात, तिथे स्वतःच्या मनाचे चित्रपट काढा असं सांगणं क्रूर नाही का? अंबरनाथ-बदलापूरच्या भागाला प्रदूषित वालधुनी नदीवर, पाण्यावर, घरांवर माहितीपट हवेत, कुणाच्या अंतरंगावर नकोत, असं म्हणणारे कार्यकर्ते मला समजतात. तरी त्यांचं म्हणणं पटत नाही, आणि त्याची कारणं चित्रपटांतच आहेत. नागराज मंजुळे अहमदनगरच्या न्यू आर्ट्स महाविद्यालयात शिकत असताना लघुपटाकडे वळले. ‘पिस्तुल्या’तली शाळेबाहेरच्या मुलाची तगमग कुठल्याही शिक्षणविषयक अनुबोधपटापेक्षा जास्त सांगून गेली, कारण ती आतून आलेली होती. मुंबईच्या झोपडवस्तीत वाढलेल्या रोहन कानवडे यांनी वडिलांच्या मृत्यूनंतरचे दहा दिवस आणि त्यात लग्नाचा तगादा सहन करणारा समलिंगी मुलगा, हा स्वतःच्या अनुभवाच्या जवळचा विषय ‘साबर बोंडं’मध्ये मांडला. चित्रपटाचं रीतसर शिक्षण न घेतलेल्या या माणसाच्या मराठी चित्रपटाला २०२५मध्ये सनडान्समध्ये परदेशी कथापटांचा सर्वोच्च ज्युरी पुरस्कार मिळाला. हे दोन्ही कथापट आहेत, प्रयोगपट नव्हेत, हे मान्य. पण अंतरंग आणि समाज यांत निवड करावी लागते ही समजूत ते खोडून काढतात. आणि पुन्हा तेच: एका बाजूला महाविद्यालयाचा वर्ग, दुसरीकडे पटकथेच्या टप्प्यावर व्हेनिसच्या बिएनाले कॉलेजसारखी कार्यशाळा. चित्रपट पूर्ण होण्याआधी तो दुसऱ्या कुणीतरी वाचलेला, पाहिलेला होता.

मोबाइलमुळे जागेची गरज संपली, हा सर्वांत ताजा युक्तिवाद. आता प्रत्येकजण रोज स्वतःचं आयुष्य टिपतोच आहे, मग कमी काय पडतं? चित्रण कमी पडत नाही. चित्रणाकडे परत येणं कमी पडतं. आज टिपलेलं आजच दाखवायचं आणि उद्या विसरायचं, या सवयीत मलानींची सात वर्षं किंवा पटवर्धनांची चौदा वर्षं बसत नाहीत. मोबाइलनेही गंभीर काम होतं, पण कसं होतं ते पाहावं. मुंबईच्या ‘कॅम्प’ या गटाने कच्छच्या आखातातल्या खलाशांबरोबर काही वर्षं काम केलं. गलबतांवर खलाशांनी स्वतःच्या फोनने टिपलेल्या, गाणी जोडलेल्या चित्रफितींतून २०१३चा ‘फ्रॉम गल्फ टू गल्फ टू गल्फ’ घडला. टिपणारे खलाशी होते, पण त्या फिती गोळा करणं, त्या टिकवणं, खलाशांबरोबर बसून त्या पुन्हा बघणं हे काम एका गटाने केलं. जगाचा दाखलाही हेच सांगतो. लिथुआनियातून निर्वासित होऊन न्यूयॉर्कला आलेले जोनास मेकास सलग चित्रपट करायला वेळ नाही म्हणून रोज थोडे थोडे क्षण टिपत गेले आणि त्या तुकड्यांतून रोजनिशीचे महान चित्रपट झाले. नोकरी करणाऱ्या, प्रवासात दिवस घालवणाऱ्या माणसाला झेपेल असा हा प्रकार आहे. पण याच एकांतप्रिय रोजनिशीकाराने १९६२मध्ये चित्रपटकर्त्यांची वितरणाची सहकारी संस्था उभी केली आणि १९७०मध्ये प्रायोगिक चित्रपटांचा संग्रह. त्याच्या आधी माया डेरेन यांनी १९४६मध्ये एक छोटं नाट्यगृह भाड्याने घेऊन आपले चित्रपट स्वतःच दाखवले. जे सर्वांत खासगी होते त्यांनीच संस्था बांधल्या, कारण त्यांना त्यांची गरज सर्वांत आधी कळली.

आपल्याकडे याचं सर्वांत जवळचं रूप मुंबईत नव्हतं, मालेगावात होतं. यंत्रमागांच्या त्या गावात नासिर शेख यांचं व्हिडिओ पार्लर होतं. टेपा कापता-जोडताना ते संकलन शिकले आणि पार्लरच्या जोरावर ‘मालेगाव के शोले’ (२०००) उभा राहिला. बैलगाडीची क्रेन, सायकलवरचा कॅमेरा, मागावरची माणसं नट. फैजा अहमद खान यांच्या ‘सुपरमेन ऑफ मालेगाव’ (२००८) या माहितीपटाने ही हकीकत जगाला कळवली. लोक तिचं कौतुक जिद्द म्हणून करतात. जिद्द होतीच, पण मला तिथलं पार्लर जास्त महत्त्वाचं वाटतं. तिथे यंत्रं होती, चित्रपट बघून बघून तरबेज झालेलं एक टोळकं होतं, आणि झालेला चित्रपट लगेच दाखवायला पडदा होता. मालेगावचे चित्रपट विडंबनाच्या साच्यात राहिले, रूपाचा प्रयोग तिथे फारसा झाला नाही, ही त्यांची मर्यादा. जागेची रचना मात्र अचूक होती.

अंबरनाथ, उल्हासनगर आणि बदलापूर या पट्ट्यात तशी रचना करणं अशक्य नाही, आणि इथे टिपण्यासारखं काय आहे याची यादी करत बसायला नको. शके ९८२चा शिलालेख असलेलं शिवमंदिर आणि नाक्याला नाव देऊन गेलेला विमकोचा काडेपेटी कारखाना एकाच गावातले. कल्याणच्या लष्करी छावणीचं १९४९मध्ये उल्हासनगर झालं, आणि त्या बराकींमध्ये संसार मांडलेल्या सिंधी माणसांची पिढी आता फार थोडी उरली आहे. चित्रकार सुधीर पटवर्धनांनी ठाण्यात राहून या उपनगरी माणसाला आणि उल्हासनगरलाही कॅनव्हासवर मोठं स्थान दिलं. चित्रपटाने ते अजून दिलेलं नाही. त्यासाठी शाळेचं किंवा वाचनालयाचं एक दालन महिन्यातून एका संध्याकाळी मिळालं तरी पुरे. तिथे पूर्ण झालेले चित्रपट दाखवू नयेत. ते महोत्सवांत दाखवले जातातच. अपुरं चित्रण आणावं, ते सर्वांनी सलग बघावं, आणि आणणाऱ्याने चार-सहा महिन्यांनी तेच बदलून पुन्हा आणावं. स्पर्धा आणि बक्षिसं ठेवू नयेत. बक्षीस पूर्ण झालेल्या वस्तूला मिळतं, आणि इथे जपायची आहे ती अपूर्णता.

अशा जागेचे पहिले आधारस्तंभ कोण असतील याचंही उत्तर या गावांत आहे: लग्नाचे व्हिडिओ करणारे छोटे व्यावसायिक. संकलनाचा संगणक, दिवे, ध्वनीची समज आणि तासन्‌तास चित्रण चाळण्याचा सराव त्यांच्याकडे आहे. त्यांच्या आणि त्यांच्या ग्राहकांच्या कपाटांत ऐंशीच्या दशकापासूनच्या व्हीएचएस टेपा पडून आहेत. पाडे, चाळी, बराकी, जुनी स्टेशनं, आता पाडून टाकलेली घरं त्यांच्या पार्श्वभूमीला आहेत, आणि अनोळखी कॅमेऱ्यासमोर लाजणारी, हसणारी, रडणारी आपली माणसं. या तीन शहरांचं इतकं मोठं आत्मपर चित्रण दुसरीकडे कुठेही सापडणार नाही. त्या टेपांची फीत दरवर्षी थोडी खराब होते, आणि व्हीसीआर तयार करणाऱ्या जपानच्या फुनाई कंपनीने जुलै २०१६मध्ये उत्पादन थांबवलं. चालू स्थितीतली यंत्रं आहेत तोवर, घरच्यांची परवानगी घेऊन, या टेपांच्या डिजिटल प्रती करून दोन वेगळ्या ठिकाणी ठेवणं हे त्या दालनातलं पहिलं काम असावं, आणि त्या प्रतींमधून आपल्या घराचा एक मिनिटाचा तुकडा निवडून इतरांपुढे ठेवणं हा पहिला प्रयोग.